पर्यायी पाणीपुरवठा

लोणी काळभोर,
१२ मार्च २०२५

आदरणीय दादास,
सप्रेम जयभीम, वि. वि.

काल कोर्टाबाहेर तुझे वकील तुझं अभिनंदन करत असताना तू मला रिक्षा पाहून दिलीस, त्याबद्दल आभार. फोनवर बोलू नका, रेकॉर्ड होतं, असं दोघांच्याही वकिलांनी बजावलंय. म्हणून पत्र.

माझी बोअर आटली. नळाची लाइन रस्त्याला, आणि रस्ता व माझं घर यांच्यामध्ये तुझा प्लॉट. त्यातून पाइप नेताना तू अडवू नयेस, एवढी तात्पुरती मनाई मी मागितली. ती नाकारली. आदेशात कारण दिलंय: अर्जदारास दर शनिवारी टँकर मिळतो, सबब तिचे भरून न येणारे नुकसान होत नाही.

टँकर तू पाठवतोस. पावत्याही तुझ्याच वकिलांनी लावल्या.

आता अपील करायचंय. माझे वकील म्हणतात, नुकसान दिसलं पाहिजे. टँकर बंद कर.

वहिनींना जयभीम. लोभ आहेच, तो दाव्याचा विषय नाही.

तुझी,
चंद्रभागा


नारायण पेठ, पुणे,
१७ मार्च २०२५

प्रिय चंद्रास,
सप्रेम जयभीम. पत्र पोचलं.

टँकर मी बहिणीसाठी लावला, कोर्टासाठी नाही. वकिलांना तो उपयोगी पडला, त्याला मी काय करू? गिऱ्हाइकाला प्लॉट मोकळा हवाय. पाइप गेला तर तो घेणार नाही, आणि शर्मिलाचं खराडीचं घर त्या विक्रीवरच आहे. लेकीला शब्द दिलाय.

आता माझे वकील म्हणतात, अपील संपेपर्यंत टँकर एकदाही चुकवू नका. तुझी वहिनी म्हणते, चुकवलात तर या घरातही पाणी मागू नका. त्या दोघांचं प्रथमच एकमत झालंय. टँकर चालू राहील.

गुडघे सांभाळ. लोभ ठेव, जमेल तेवढा.

तुझा दादा (प्रतिवादीही मीच),
सुखदेव


लोणी काळभोर,
२४ मार्च २०२५

आदरणीय दादास,
सप्रेम जयभीम, वि. वि.

शनिवारी टँकर आला. नको म्हटलं, तर समाधान ड्रायव्हर म्हणाला, ओतल्याशिवाय परत येऊ नको असं साहेबांनी सांगितलंय. मग तुझ्या प्लॉटवर ओतायला लावलं. काल तुझं गिऱ्हाईक जागा पाहायला आलं, ते घोट्यापर्यंत रुतलं. इथे झरा आहे का, विचारत होतं. नाही म्हटलं, भाऊ पाठवतो.

मी शेजारच्या नंदाकडून हंड्याने पाणी आणते. परवा उंबऱ्यावर पडले. मनगट मोडलंय. वकील खूश आहेत.

डावं आहे, लिहिता येतं. लोभ वाढवायची घाई नाही.

तुझी,
चंद्रभागा


नारायण पेठ, पुणे,
७ एप्रिल २०२५

प्रिय चंद्रास,
सप्रेम जयभीम.

काल तुझ्याकडे आलो तेव्हा तू झोपली होतीस. उठवलं नाही. नंदाकडून दोन हंडे आणून ठेवले, तेवढ्यात कंबर धरली. प्लास्टरवर तुझ्या वकिलांनी दाव्याचा नंबर लिहिलाय, तो पाहिला.

पाइप टाक. कुंपणाच्या कडेने ने. लेखी संमती सोबत आहे. माझ्या वकिलांना कळवलं. आपण जिंकत होतो, असं ते तीनदा म्हणाले.

गिऱ्हाइकाला पाइपचं सांगितलं. त्याने नमस्कार केला आणि गेला.

शर्मिलाला अजून सांगितलेलं नाही. ते तू सांग. तू तिची आत्या आहेस, तुझ्यावर ती दावा लावणार नाही.

तुझा दादा,
सुखदेव