दोन निशाणांचं जहाज

गोदीवरून, ६ जून १८०८
चि. टॅम्सिन हिस अनेक आशीर्वाद.

अखेर जहाज मिळालं! दहा तोफांचं, फ्रेंचांकडून पकडलेलं, इवलंसं. नाव ‘ग्रनूय’, म्हणजे बेडूक. पकडलेल्या जहाजाचं जुनं नाव तसंच ठेवायची आपल्या आरमाराची खोड. खलाशांची जीभ वळेना, त्यांनी ‘ग्रॅनी’ करून टाकलं. तेव्हा तुझा भाऊ आता एका आजीबाईंचा कप्तान आहे.

आजीबाईंचं सगळं फ्रेंच मापाचं. इथला दोर कप्पीत जात नाही आणि कारकून म्हणतो, या नावाचं जहाज यादीतच नाही! वीस वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली कुजलो, आता एका डोलकाठीसाठी कुजतोय. शिडं चढली की आधी आपल्या पोलमेरिनला येईन. बाबांनी मला माझ्या स्वतःच्या जहाजावर उभं असलेलं एकदा पाहावं, एवढंच मागणं आहे. तोवर जहाज मिळाल्याचं त्यांना सांगू नकोस, फ्रेंच म्हणून आधीच नावं ठेवतील.

लोभ आहे तो आटू देऊ नकोस.
तुझा दादा, पास्को

पोलमेरिन, १० जुलै
प्रिय दादास सा. न. वि. वि.

तुझं ‘येतो, येतो’ ऐकून कान किटले. बाबांचा मोतीबिंदू वाढलाय. डॉक्टर म्हणतात, हिवाळ्यापर्यंत दिसेल तेवढं खरं. तरी रोज काठी टेकत टेकडीवरच्या तोफेपाशी जातात आणि फ्रेंचांवर पहारा ठेवणाऱ्या गावच्या स्वयंसेवकांना शिव्या घालतात, की यांना गोठ्याच्या दारावरही नेम धरता येणार नाही. तुझा विषय निघाला की म्हणतात, पोरगा अजून दुसऱ्याचंच डेक घासत असेल. मला राग येतो, पण मग तेच रात्री तुझं एखादं जुनं पत्र पुन्हा वाचायला लावतात. लवकर ये रे.

माया असावी.
टॅम्सिन

गोदीवरून, १५ ऑगस्ट
चि. टॅम्सिन हिस आशीर्वाद.

येत्या गुरुवारी येतोय! पाणी भरायचं निमित्त काढलंय. जहाज जिंकून आणलं की वर आपलं निशाण आणि खाली शत्रूचं लावतात. ती रीत पहिल्या दिवसापुरतीच, पण मी बाबांसाठी दोन्ही चढवणार आहे. जुना तोफची माणूस, बघताच ओळखतील. हे पत्र मिळताच त्यांना सगळं सांग.

तुझा पास्को

पोलमेरिन, २१ ऑगस्ट
दादा,

तुझं पत्र काल, शनिवारी मिळालं. गुरुवारी मी मासळी घेऊन बाजाराला गेले होते. परतले तर गाव बाबांना खांद्यावर घेऊन नाचत होतं. वारा पडलेला, त्यामुळे वरचं निशाण दोरांत गुंडाळलं गेलं आणि खालचं फ्रेंच तिरंगी तेवढं दिसलं म्हणे. बाबांनी सगळ्यांना बाजूला सारून स्वतः नेम धरला आणि पहिल्याच गोळ्यात पुढची डोलकाठी पाडली.

तू जिवंत आहेस ना? ते सारखे म्हणताहेत, पास्कोला लिही, म्हाताऱ्याने काय केलं ते कळू दे त्याला. तुझं पत्र मी त्यांना वाचून दाखवलेलं नाही. काय करू?

टॅम्सिन

गोदीवरून, ३० ऑगस्ट
चि. टॅम्सिन हिस आशीर्वाद.

जिवंत आहे. एका खलाशाचा हात मोडला, बाकी सगळे धड आहेत. होडी पाठवून चूक सांगता आली असती. होडी उतरवलीही होती. पण दुर्बिणीतून पाहिलं तर बाबा टोपी उडवून नाचत होते. त्यांना असं मी लहानपणीही पाहिलं नव्हतं. मी होडी वर घ्यायला लावली आणि वल्ह्यांवर जहाज मागे फिरवलं.

चूक माझीच, आणि तिची चीड अजून जात नाही. फ्रेंच मापाची डोलकाठी पुन्हा कोण बनवणार, म्हणून जहाज मोडीत काढायचा हुकूम झालाय. मी पुन्हा किनाऱ्यावर, अर्ध्या पगारावर.

बाबांना म्हणावं, पास्कोने चौकशी केली आहे. त्यांनी फोडलेलं ते फ्रेंच जहाज पुन्हा कधी समुद्रावर जाणार नाही, ही अगदी खात्रीची बातमी आहे. आणि माझ्याबद्दल विचारलं तर सांग, त्याला जहाज अजून मिळायचंय.

आहे तशीच माया ठेव.
पास्को