माझ्या पित्तनळीचा मुख्य कॉक

प्रिय धाकट्या भावास, थोरल्या बहिणीचे पोटभर आशीर्वाद. तुझे गुडघे काय म्हणतात? भावजयीचा खोकला थांबला का? मी उत्तम आहे, फक्त पिवळी झाले आहे. (लिहून घेणारी नात म्हणते, 'उत्तम' खोडू या. खोडायचं नाही.)

झालं असं, की अंगाला खाज सुटली, लघवी काळ्या चहासारखी झाली. सूनबाईने मला खिडकीशी उभं करून डोळे पाहिले आणि थेट इस्पितळात आणून टाकलं. इथला डॉक्टर कोवळा आहे, पण चित्र छान काढतो. यकृत म्हणजे वरची टाकी. तिथलं पित्त नळीने आतड्यात उतरतं. माझी नळी मध्येच आवळली आहे, म्हणून पित्त तुंबून रक्तात शिरलं. आता तोंडातून दुर्बीण घालून तिथे दुसरी बारीक नळी बसवायची, आणि त्यासाठी कागदावर माझा अंगठा हवा.

मी नळ जोडणाऱ्याची लेक, नळ जोडणाऱ्याची बहीण. मुख्य कॉक बंद केल्याशिवाय पाइपाला हात लावायचा नाही, हा बाबांचा नियम. मी विचारलं, माझा कॉक कुठे आहे? तो म्हणाला, "आजी, माणसाला कॉक नसतो." म्हणजे हा चालू लाइनवर काम करणार! हे ऐकून शेजारच्या खाटेवरची शिक्षिकाबाई ताडकन उठून बसली. संध्याकाळपर्यंत अख्खा वॉर्ड आपापला कॉक विचारू लागला (त्यात एकीचा नुसता पाय मोडलेला). शेवटी मोठ्या डॉक्टरीणबाई आल्या. म्हणाल्या, उशीर केलात तर तुंबलेल्या पित्तात पू होईल, ताप डोक्यात जाईल. गुरुवारी सकाळी नळी घालायलाच हवी. मी म्हटलं, माझा भाऊ येऊन नळीचे आटे तपासेल, मगच अंगठा.

तेव्हा पाना घेऊन ये.

ता. क. फोन तू उचलत नाहीस, म्हणून सूनबाईच्या हाती पत्र. दोन वर्षांपूर्वी चारचौघांत तुझं काम गळकं म्हटलं, ते खरंच होतं. तू बसवलेला तो नळ अजून गळतो. खाली बादली ठेवते, पण दुसऱ्या कुणाला हात लावू दिलेला नाही.

आणखी एक. अंगठा मी आज सकाळीच दिला. पाना आणू नकोस.

आणि हे शेवटचं. मी घाबरले आहे हे लिहायचं नाही, असं नातीला बजावलंय. पण मी गप्प बसले तरी ती लिहितेच आहे. काय लिहिलंय ते मला कुठलं कळायला? गुरुवारी आठच्या आत ये आणि तूच वाचून दाखव.