मोहाखालचा पाला

बाबा, पोरीचा दमा या थंडीत फारच बळावलाय. आज फरीदाबादच्या दवाखान्यात डॉक्टर म्हणाले, "बच्ची को कुछ महीने यहाँ से दूर रखिए. गाँव तो होगा ना आपका?" मी मान डोलावली. तेव्हापासून ती मागे लागली आहे, "आई, कधी जायचं? चलो ना!"

गाव म्हणजे तिला तुमचं जंगल. वैनगंगेकाठचा तो सखल मुलूख मीच तिच्या डोक्यात भरवलाय. दिवाळीपर्यंत धानाच्या बांध्यांत उभं राहणारं पाणी, ऐन उन्हाळ्यातही न आटणारा नाला, हिवाळ्यात पानांवरून टपटपणारं दव. तुम्ही तिथले वनरक्षक. होळीच्या सुमारास मोह गळायला लागला, की फुलं वेचणं सोपं जावं म्हणून लोक झाडाखालचा पाला पेटवून देत, आणि त्यातूनच वणवा लागे. तुम्ही दंड करायचं सोडून खराटा घेऊन आधी स्वतः झाडायला लागायचे, वर मलाही जुंपायचे. एकदा कंटाळून मी म्हटलं, एक काडी ओढली की झालं. तुम्ही खराटा आपटलात. "पाला जाळला तं पाणी मुरंल कुठं?" मोठे आले जंगल वाचवणारे, असं मी मनात म्हटलं होतं.

इथे सोसायटीच्या बागेत सकाळ झाली की पाला पेटतो. माळ्यापुढे हात जोडले, भांडले, शेवटी ऑफिसला जायच्या आधी मीच खराटा घेतला आणि पाला पोत्यांत भरायला लागले. शेजारीण हसली, "अरे, मॅडम झाडूवाली बन गईं!" काल भाजीला निघाले, तर माझीच पोती भिंतीमागे धुमसत होती. हातातली पिशवी टाकून तिथेच रडले मी, बाबा. पालथ्या घड्यावर पाणी, दुसरं काय.

आणि गाव? उन्हाळ्यात ऑफिसच्या कामाने नागपूरला गेले होते, तेव्हा एकटीच जाऊन आले. खाणीच्या रस्त्यासाठी तुमचे मोह तोडलेत. नाला कोरडा, उरलेल्या झाडांवर लाल धुळीचा थर. तुमच्या चौकीपाशी उभी राहिले, तर मलाच खोकल्याची उबळ आली. इथून तिला न्यायचं तरी कुठे?

ती आत बॅग भरते आहे. मधेच धापा टाकत थांबते, पंप ओढते, पुन्हा भरते. आत्ताच ओरडून विचारलं, "आई, आजोबांचा खराटा असेल ना तिथे?" असेल, म्हटलं.

तुम्ही गेलात तिथे हे पत्र पोचवणारी पेटी नाही, आणि जाळलेलं तुम्हाला आवडायचं नाही. रविवारी निघू असं मी तिला सांगितलंय, बाबा. तिकिटं काढलेली नाहीत.