फिल्म झाली की

३ नोव्हेंबर १९९७, सोमवार. दुपारी ४.

लोकेशनवर पोचलो. बारामती-इंदापूर रस्त्याला, निमगाव केतकीच्या अलीकडे, चारी बाजूंनी ऊस आणि मधे हा वृद्धाश्रम. मी मात्र याला लोकेशनच म्हणणार. बाकीचे इथे राहतात, मी इथे काम करायला आलोय. हा फरक पहिल्याच दिवशी स्पष्ट झालेला बरा.

दादासाहेब स्वतः जीपने सोडून गेला. असा मुलगा शोधून सापडणार नाही. आयडिया तशी माझीच. टीव्हीवर परदेशातल्या म्हाताऱ्यांच्या आश्रमाची एक डॉक्युमेंट्री लागली होती. ती बघून मी जेवताना म्हणालो होतो, असलं मीसुद्धा काढीन. पुढच्याच आठवड्यात त्याने हँडीकॅम आणला आणि लोकेशनही बघून ठेवलं. म्हणाला, तिथं राहूनच काढा आप्पा, लांबून काय कळणार? बरोबर आहे. शिवाय बारामतीत आमच्या बंगल्याचं काम चालू आहे. सिमेंटच्या धुळीत लेन्स गेली असती. फिल्म झाली की लगेच न्यायला येणार आहे.

दोन महिने बास झाले. कारखान्याच्या टाइम ऑफिसात जन्म गेला माझा. वेळेचं कुणी मला शिकवू नये.

संकल्प: पहाटे पाचला उठणे. कलाकारांशी अंतर ठेवणे, जवळीक झाली की दिग्दर्शकाचं कुणी ऐकत नाही. पंगतीत न जेवणे.

संध्याकाळी ७.३०. पंगतीत जेवलो. वेगळं वाढत नाहीत. व्यवस्थापक रामहरी म्हणाला, हितं सगळ्यांना एकच टाइम. उद्या त्याच्याशी बोलतो.

४ नोव्हेंबर.

पाचचा गजर झाला. ऐकला. उठलो तेव्हा सगळ्यांच्या अंघोळी होऊन गरम पाणी संपलं होतं.

६ नोव्हेंबर.

पहिली मुलाखत, छबूबाई. मूळच्या निरवांगीच्या, माहेरी मेंढरं होती. शूटिंग म्हटल्यावर ठेवणीतलं लुगडं नेसून, नथ घालून आल्या. विषय दुःखाचा आहे, साधं नेसून या, म्हटलं तर म्हणाल्या, टीव्हीवर लेक बघंल, त्येला काय वाटंल?

मी थेट प्रश्न केला, तुम्हाला इथे कुणी टाकलं? बाई भडकल्या. म्हणाल्या, टाकायला मी काय केर हाय व्हय? गुडघ्याचं औषध चालू हाय, गुडघा बरा झाला की जायाचं. लेक लई गुणाचा हाय माजा.

नंतर रामहरीकडून कळलं की गुडघ्याचा डॉक्टर येतच नाही. कधी आलेलाही नाही.

९ नोव्हेंबर.

सोपानराव. पानमळ्यात आयुष्य गेलं. बोलायला तयार, पण अट अशी की मुलाचं नाव चांगलं घ्यायचं. त्यांच्या घराचा स्लॅब पडायचा आहे, वरचं छत ओतायचं राहिलंय. स्लॅब पडला की मुलगा नेणार. इथे येऊन तीन उन्हाळे झाले. असला कसला स्लॅब?

मग लीलाबाई. नातू बारावीला आहे, घर लहान, अभ्यासाला खोली लागते. परीक्षा झाली की जाणार. चहाच्या वेळी रामहरीने सहज सांगितलं की त्याच नातवाच्या लग्नाचे पेढे इथे गेल्या वैशाखात वाटले होते.

मी थक्क झालो. एकजात सगळे मुक्कामाला आलेले आणि एकजात सगळे म्हणतात, आमी काय कायमचे न्हाय. माणूस स्वतःला किती फसवतो! समोर भिंत असून दिसत नाही. यांची कीव येते. पण फिल्मला विषय सापडला. असला विषय परदेशातल्यांनाही सुचला नसेल.

दादासाहेबाला फोन लावला. कामगारांत होता. नंतर करतो म्हणाला.

१७ नोव्हेंबर.

फोन आला नाही. कारखान्यांचा सीझन सुरू झाला आहे, बारामतीकडच्या लाइनी बिघडत असणार.

आवाजाचा फार त्रास. उसाच्या ट्रॉल्या दिवसभर जातात, ट्रॅक्टरवाला टेपवर गाणी लावतो. लीलाबाई नवऱ्याच्या आजारपणाचं सांगत होत्या आणि मागून कोळीगीत. चार वेळा घेतलं. चौथ्यांदा त्या आजारपण सोडून गाणंच गुणगुणायला लागल्या.

२४ नोव्हेंबर.

अश्रूंचा सीन. फाटकाकडे बघायचं, मुलगा आठवायचा आणि रडायचं. इतकं सोपं. सोपानरावांना हसू आवरेना. छबूबाई म्हणाल्या, रडून काय हुतंय आप्पा, उगं डोळं जळत्यात. शेवटी स्वयंपाकघरातून कांदे आणवले. सगळ्यांनी मिळून पाटीभर कांदे चिरले, एकाच्याही डोळ्यांतून पाणी नाही. मलाच आलं. स्वयंपाकीण खूश झाली. उद्याही शूटिंग आहे का विचारत होती.

रामहरीने माझी कॉट संडासाजवळून हलवून खिडकीशी लावली. मी तक्रार केली होती. म्हणाला, आता ही कायमची तुमची. शब्द नीट वापरत नाहीत लोक.

८ डिसेंबर.

झालेल्या टेपा तपासल्या. लाल बटण एकदा दाबलं की सुरू, परत दाबलं की बंद. अगदी सुरुवातीलाच एक दाबणं चुकलं आणि तिथून पुढे सगळंच उलटं झालं. मुलाखतींच्या वेळी कॅमेरा बंद. मुलाखत संपवून काखेत मारून निघालो की सुरू. छबूबाई, सोपानराव, लीलाबाई, कुणीच नाही. नुसती माझी पावलं. व्हरांड्यातून फाटकापर्यंत, फाटकापासून परत. ऑफिसात जाऊन, माझा फोन आला का, असं रामहरीला विचारताना माझा आवाज. परत पावलं.

कॅमेरा जपानी आहे, आपल्या हवेत चालत नाही.

परत सगळं घ्यायचं. दोन महिन्यांचे तीन होतील. दादासाहेबाला वाईट वाटेल, तो वाट बघत असणार.

११ डिसेंबर.

फोन लागला. उशीर होतोय हे दबकत सांगितलं. तो म्हणाला, काही घाई नाही आप्पा, सावकाश काढा, काम चांगलं झालं पाहिजे. एका शब्दाने बोलला नाही! कलेची कदर असणारी माणसं घरातच असतात, आपल्याला ठाऊक नसतं.

१ जानेवारी १९९८.

संकल्प: पहाटे पाच. अंतर. पंगत नको.

संध्याकाळी. सोपानरावांच्या पाठीला बाम चोळून दिला. त्यांचा हात पोचत नाही. तेवढं करावं लागतं.

१४ जानेवारी, संक्रांत.

दादासाहेब येणार होता. त्याचा मेहुणा आला. तिळगूळ, माझी ट्रंक, गादी, हिवाळ्याचे आणि उन्हाळ्याचे सगळे कपडे. उन्हाळ्याचे कशाला, म्हटलं. म्हणाला, भाऊजींनी दिलंय, मला काय म्हाईत? घरात सामान हलवायचं चाललंय, त्या गडबडीत चुकून आलं असणार. गादी मात्र बरी झाली. इथली फार टोचायची.

२९ जानेवारी.

फिल्म पूर्ण झाली!!

या वेळी बटण प्रत्येकदा दोनदा तपासलं. मुलाखती सगळ्या नीट आल्या. रडलं कुणीच नाही, पण एकेक जण लेन्समध्ये बघून सांगतो, गुडघा बरा झाला की, स्लॅब पडला की, परीक्षा झाली की. बघणाऱ्याच्या काळजाला घरं पडतील. शेवटी मी स्वतः येऊन बोलतो, की मित्रहो, ही माणसं अजून वाट बघत आहेत.

लगेच फोन केला. झाली म्हटलं. मग म्हणाला, म्युझिक टाकलं का? म्हटलं, ते बारामतीला येऊन टाकू. मग म्हणाला, याचा दुसरा भाग काढा ना आप्पा. मग म्हणाला, आठ तारखेला वास्तुशांती आहे, कॅमेरा लागेल, आदल्या दिवशी, शनिवारी मी जीप घेऊन येतो.

शनिवारी जीप! बघा, बोलल्याप्रमाणे फिल्म झाली आणि न्यायला येतोय.

६ फेब्रुवारी.

सगळ्यांचा निरोप घेतला. चहाच्या वेळी चार शब्द बोललो. तुम्ही धीर सोडू नका, तुमचीही वेळ येईल, वगैरे. छबूबाईंनी पुरुषाची ओटी भरत नाहीत म्हणून हातावर साखर ठेवली. म्हणाल्या, नवीन घरात सांभाळून ऱ्हावा, फरशीवरनं पाय सरकतो. लीलाबाईंना आता माझ्या कॉटची खिडकी पाहिजे आहे. देऊन टाका म्हणालो.

धोतर इस्त्रीला दिलं. टोपी नवी.

७ फेब्रुवारी, शनिवार.

सकाळी आठपासून फाटकाशी होतो. जीप साडेबाराला आली. इंदापुरातून भाड्याची भांडी भरून आणली होती. पातेली, घंगाळं, मागची सीट भरून वर बांधलेली. पुढे आचारी.

दादासाहेब गडबडीत होता. चहा उभ्यानेच घेतला. पायाशी माझी बॅग बघून म्हणाला, कपडे धुवायला द्यायचेत का? इथं धोबी येत नाही?

येतो, म्हणालो.

मग म्हणाला, उद्या फार गर्दी आहे आप्पा, तुम्हाला दगदग होईल, एकदा सगळं मार्गी लागलं की निवांत नेतो. मी म्हणालो, बरोबर आहे. त्याला लाल बटणाचं नीट समजावून दिलं. एकदा दाबलं की सुरू, लाल दिवा बघायचा, मगच बोलायचं. दोनदा करून घेतलं त्याच्याकडून. लगेच जमलं. हुशार आहे.

जीप गेली. वाईट वाटलं. उगीच नाही कशाला म्हणायचं, वाटलं. बॅग घेऊन आत आलो. लीलाबाईंनी माझ्या कॉटवरचं आपलं अंथरूण गुपचूप गुंडाळून नेलं. सोपानरावांनी पंगतीत जागा धरली होती.

१२ फेब्रुवारी.

काही नाही. जेवलो. झोपलो.

१९ फेब्रुवारी.

काही नाही. थंडी कमी झाली. उन्हाळ्याचे कपडे काढले.

१ मार्च, रविवार. संध्याकाळी.

वास्तुशांतीची कॅसेट आली. मेहुण्याने एस.टी.च्या कंडक्टरकडे दिली होती. रामहरीने निमगावातून व्हीसीआर भाड्याने आणला. सगळे जमले, छबूबाई नथ घालून.

शूटिंग उत्तम. कुठे हललेलं नाही. होम, पूजा, पंगती. मग दादासाहेब पाहुण्यांना घर दाखवतो. हा हॉल, हे किचन, हे देवघर, ही आमची खोली, ही पोरांची, वर गच्ची. सगळं घर दाखवून झालं. मधे कुणा पाहुण्याचा आवाज येतो, आप्पा कुठं दिसंनात? दादासाहेब म्हणतो, त्यांची फिल्म चालू आहे, दुसरा भाग काढायचाय त्यांना, तो झाला की येतील.

आवाज अगदी स्वच्छ आला आहे. ट्रॅक्टर नाही, काही नाही.

कॅसेट संपल्यावर सगळ्यांनी घराचं कौतुक केलं. सोपानराव म्हणाले, स्लॅब झ्याक पडलाय. त्यातली माझी खोली कुठली, हे एकानेही विचारलं नाही. मी उत्तर तयार ठेवलं होतं.

टीव्ही बंद केला. छबूबाई उठता उठता गुडघा धरून माझ्यापाशी थांबल्या आणि म्हणाल्या, दुसरा भाग ऱ्हायलाय न्हवं तुमचा? त्यो झाला की जायाचंच की तुमाला.

मी म्हणालो, व्हय, त्यो झाला की.

कॅमेरा बारामतीलाच आहे.