शिक्षेचे तारे

२१ नोव्हेंबर २०११, संध्याकाळचे ६.१०. इस्पितळात धाकट्या बहिणीच्या, मिनीच्या खाटेशी आमची ताऱ्यांची वही घेऊन बसलो होतो.

आमच्या काल्पनिक विश्वात ताऱ्यांचे चार वर्ग. चौथा शिक्षेचा. ते एकटेच जळतात, त्यांची ऊब कुणालाच मिळत नाही. मिनी म्हणाली, "दादा, मुझे शिक्षा वाले में डालो. स्कूल तो छूट ही गया."

ती हिंदी शाळेतली; तिची शिक्षा हिंदीतली, म्हणजे शिक्षण. मी चूक सांगितली नाही. फार दिवस उरले नाहीत असं डॉक्टर सकाळी म्हणाले, तेही नाही.

"वहाँ पढ़ाएगा कौन?"

"मी."

"तू? दसवीं फेल!" हसता हसता तिला खोकला आला.

चौथ्या वर्गाची व्याख्या खोडून लिहिलं, 'हे तारे शिकतात.' खाली तिचं नाव.

"कितने साल का कोर्स है?"

नावापुढचा वर्षांचा रकाना कोराच ठेवला.