तिसऱ्या शॉटची विल्हेवाट

मी, केवळराम वल्द गणबाजी दिघोरे, जात ढिवर (मासेमार), धंदा सिनेमा काढणे, मूळ गाव नागभीडच्या पुढचे तळ्याकाठचे, हल्ली राहणार आरमोरी, तहसील गडचिरोली, जिल्हा चांदा, माझ्या पश्चात माझ्या मिळकतीचे काय करायचे ते या कागदावर स्वतःच्या हाताने मांडून ठेवतो. हात डावा आहे, कारण उजवा मोडला आहे. अक्षराला कोणी हसू नये. माझे डोके ठिकाणावर आहे. फासळ्या ठिकाणावर नाहीत. खोकल्यातून रक्त पडते ते चांगले लक्षण नाही असे डॉक्टर म्हणतो. एवढे कळायला मला डॉक्टर नको होता. हा कागद मी कोणाच्या दबावाखाली लिहीत नाही. दबाव आणायला आले होते त्यांच्यातला एक अजून लंगडतो.

खरे सांगायचे तर घरादारासाठी मी मृत्युपत्राची दगदग केली नसती. माझ्या लोखंडी पेटीत फिल्मचे दोन डबे आहेत. एका डब्यात माझा दोस्त लच्छू नान्हे आमच्या तळ्यात बुडून मरतो. नाटकातला नव्हे, खराखुरा मरतो. दुसऱ्या डब्यात तोच लच्छू बुडत नाही. मुंबईचा एक दिग्दर्शक, ज्याला सारे युनिट भैयाजी म्हणत असे, त्याला पहिला डबा हवा आहे. नव्या चित्रात ते मरण पुन्हा वापरायचे म्हणतो. त्याचे कागदोपत्री नाव लिहून मी माझा कागद विटाळणार नाही. मी गेल्यावर हा डबा त्याच्या हाती लागू नये, एवढ्याचसाठी पुढची कलमे लिहिली आहेत.

कलम एक. आरमोरीचे कौलारू घर, परसातली विहीर, आंब्याची झाडे आणि घरातली सारी भांडीकुंडी माझी बायको गिरजा हिला. त्यावर दुसऱ्या कोणाचा हक्क नाही. गेल्या महिन्यात भैयाजीची माणसे डबा न्यायला आली. मी नाही म्हटल्यावर त्यांनी मला अंगणात आडवे पाडून लाथांनी तुडवले, आणि माझा हात उंबऱ्यावर धरून वर दगड घातला. गिरजा आत मिरच्या कांडत होती. तिने कांडलेले तिखट त्यांच्या तोंडावर उधळले आणि मुसळ घेऊन बाहेर आली. एकाची नडगी मोडल्याचा आवाज मी पडल्या पडल्या ऐकला. लग्न झाल्यापासून मी तिला तोंडावर कधी शाबासकी दिली नव्हती, त्या दिवशी दिली. घर तिला देतो ते बायको म्हणून तर देतोच, पण मुसळाबद्दलही देतो.

कलम दोन. त्या माणसांना घर दाखवले माझा पुतण्या इस्तारी याने. दवाखान्यात माझ्या खाटेशी बसून मला म्हणतो, "काका, मेलेल्या मानसापायी काऊन जीव देऊन राह्यले तुमी? थो डबा काय खायाच्या कामाचा हाये?" या इस्तारीला माझ्या मिळकतीतून उजव्या पायाची चप्पल द्यावी. डावी गिरजाने जपून ठेवावी, तो पुन्हा दारात आला तर लागेल.

कलम तीन. माझा शूटिंगचा कर्णा, दोन रिफ्लेक्टर आणि घडीची खुर्ची तंबू टॉकीजचा मशीनवाला पोचू याला. त्याच्याच बापाच्या तंबूमागे मी पोरवयात पळून गेलो होतो, खुंट्या ठोकत ठोकत नागपूरला आणि तिथून मुंबईला पोचलो. स्टुडिओत पहिल्याच आठवड्यात एका नायकाने मला कानाखाली वाजवली, कारण त्याची खुर्ची उन्हात राहिली होती. पुढे मी सहायक दिग्दर्शक झालो. सहायक दिग्दर्शक म्हणजे काय ते लोकांना कळत नाही. कोणीही यावे आणि ज्याला शिवी घालावी असा तो माणूस. मारामारीच्या चित्रांत घोड्यावरून पडणारा कुठे पडेल, काचेतून उडी घेणाऱ्याच्या खाली गादी आहे की नाही, आगीतून पळणाऱ्यासाठी पाण्याचे पिंप कोणत्या बाजूला, हे बघणे माझे काम. माझ्या देखरेखीत हातपाय मोडले, दात पडले, एकाचा कान तुटला. जीव कोणाचा गेला नव्हता. याचा मला माज होता आणि तो रास्त होता.

कलम चार. या कलमात मिळकत नाही, हकीकत आहे. ज्याला नुसती वाटणी हवी त्याने पुढे जावे.

साल एक्कावन्न. भैयाजीला जंगलातले चित्र काढायचे होते. सामान नागभीडला गाडीतून उतरले आणि बैलगाड्यांनी आमच्या गावी आले. शॉट असा होता की खलनायक एका मासेमाराचे हात बांधतो आणि त्याला डोंग्यातून तळ्यात ढकलतो. मुंबईच्या नटाला पोहता येत नव्हते, म्हणून त्याच्या जागी लच्छू उभा राहिला. हातांची गाठ अशी मारली होती की पाण्यात गेल्यावर झटका दिला की सुटावी.

लच्छू पाण्यात पडला आणि काठावर तमाशा बघत बसलेले सगळे ढिवर धोतरासकट तळ्यात. आमच्या गावची रीतच तशी आहे. तळ्यात कोणी बुडताना दिसला की ज्याने पाहिले त्याने उडी टाकायची. कोण आहे, कोणाचा आहे, विचारायचे नाही. लच्छूला वर काढले तेव्हा तो पोट धरून हसत होता. शॉट वाया गेला. भैयाजीने सगळ्यांना बसवून समजावले की हे खोटे आहे. गावच्या ढिवरांचा म्होरक्या सोमाजी मान डोलवून म्हणाला, "समजलं जी." दुसऱ्या शॉटला पुन्हा सगळे पाण्यात, आणि सर्वांत पुढे सोमाजी! भैयाजी अंगावर धावून गेला तेव्हा सोमाजी निथळत उभा राहून म्हणाला, "खोटं हाये हे मले ठाव हाये जी. पन पाय थांबत नाई, त मी काय करू?" सारे युनिट हसले. भैयाजी हसला नाही.

त्याने मारामारीसाठी आणलेल्या पहिलवानांच्या हाती लाठ्या दिल्या आणि अख्खे गाव तळ्याच्या पाळीच्या, म्हणजे बांधाच्या, मागे दाबून धरायला लावले. मी म्हटले, दोर दोनदा भिजला आहे, गाठ आवळली आहे, कोरडा दोर येईपर्यंत थांबा. तो म्हणाला, "सूरज जा रहा है." मी क्लॅप जमिनीवर फेकली. ती दुसऱ्याने उचलून वाजवली.

लच्छू पडला. गाठ सुटली नाही. त्याचे तोंड वर आले, खाली गेले, पुन्हा वर आले. असे कोणत्याही नटाला जमत नाही. पाळीमागून ओरडा उठला, "बुडून राह्यला! खरंच बुडून राह्यला थो!" आणि लाठ्या चालू झाल्या. सोमाजीचे डोके फुटले. लच्छूची बायको कुंता लाठ्यांखालून वाकून पुढे घुसली, तिच्या तोंडावर फटका बसला, समोरचे दात गेले, आणि ती रक्त थुंकत "माहा मानूस! माहा मानूस!" करत चिखलातून सरपटत होती. भैयाजी कॅमेऱ्याशेजारी टाळ्या पिटत होता. "चालू रखो! क्या मर रहा है! वाह!" मी आडव्या आलेल्या पहिलवानाच्या तोंडावर कर्णा हाणला आणि उडी टाकली. लच्छूला काठावर आणले तेव्हा त्याच्यात काही उरले नव्हते.

मग मी भैयाजीला धरले. गचांडी धरून पाण्यात नेले आणि त्याचे डोके खाली दाबले. नटांना खोटे हात शिकवण्यात माझी उमर गेली होती, हा हात खरा होता. त्याचे पाय झटकत होते आणि मला बरे वाटत होते. आजही आठवले की बरे वाटते. एवढ्यात कोणीतरी मागून माझी मान आवळली आणि मला बाजूला फेकले. तो सोमाजी होता. डोक्यातले रक्त त्याच्या डोळ्यांत उतरले होते. म्हणाला, "सोड त्याले, केवळ. बुडून राह्यला थो." आणि त्या हरामखोराला त्याने खांद्यावर घालून काठावर नेले, पालथे पाडून त्याच्या पोटातले पाणी काढले.

लच्छूचे मरण अपघात ठरले. माझा हात गुन्हा ठरला आणि मी तुरुंगात गेलो. चित्र लागले. तो शॉट आला की जत्रेच्या तंबूत लोक शिट्ट्या मारत आणि पडद्यावर चिल्लर फेकत. मुंबईत मला कोणी काम देईना, तेव्हा मी स्वतःच निर्माता झालो. निर्मात्याला कोणी कामावर ठेवावे लागत नाही. मारामारीची दोन चित्रे काढली. एक पडले, एक बरे चालले. तेवढ्यात भैयाजीची कंपनी बुडाली आणि तिच्या फिल्मा लिलावात निघाल्या. मी त्या चित्राची निगेटिव्ह आणि सगळ्या प्रती घेतल्या, आणि स्टुडिओच्या मागच्या मैदानात त्याच दिवशी काडी लावली. आग माडीएवढी उठली. वाया गेलेल्या पहिल्या दोन शॉटचा डबा ठेवला. तिसऱ्याची एक प्रतही ठेवली, ती जाळायला हात धजला नाही. या दोन डब्यांपलीकडे लच्छूचा उभ्या जन्मात दुसरा फोटो नाही.

कलम पाच. माझा सागवानी डोंगा आणि जाळी सोमाजीला. हे बक्षीस समजू नये. तुरुंगातून सुटल्यावर मी पहिल्यांदा त्याच्याच दारात गेलो आणि विचारले, "काऊन काढलं त्याले?" जाळे विणता विणता तो म्हणाला, "मी त्याले कुठी काढलं? बुडनाऱ्याले काढलं." हे उत्तर मला तेव्हा पटले नाही, आज पटत नाही. तेव्हा तो आड आला नसता तर आज माझा हात शाबूत असता आणि लच्छूचे मरण विकत मागायला कोणी उरला नसता. सोमाजीवरचा राग मी कोणाच्या नावे करत नाही, सोबत नेतो. डोंगा मात्र त्याच्याइतका चांगला दुसरा कोणी वल्हवणार नाही.

कलम सहा. पहिल्या दोन शॉटचा डबा कुंताबाईला. तिसऱ्या शॉटचा डबा माझ्या चितेवर माझ्या छातीवर ठेवावा आणि मगच अग्नी द्यावा. फिल्म भडकून जळते, लोकांनी लांब उभे राहावे.

इथवर काल लिहिले होते. निरोप धाडून बोलावलेली कुंताबाई आज सकाळी गावाहून घरी आली, तिला सहावे कलम वाचून दाखवले, कारण माणूस तिचा आहे. तिने पदर तोंडावर धरला, दात गेल्यापासून ती तसाच धरते. म्हणाली, "जाळू नका, केवळभाऊ. त्यात थे जित्ते हायेत."

मी म्हटले, बाई, त्यात तो मरतो.

"मरतवरी त जित्ते हायेत नं? मले दाखवा." इतक्या वर्षांत ती एकदाही त्या तंबूत गेली नव्हती. मी नाही म्हणालो, गिरजा नाही म्हणाली. ती उठेना. शेवटी पोचूला मशीन घेऊन बोलावले. त्याने भर दुपारी दारे-खिडक्या लावून घेतल्या, विजेचे इंजिन परसात ठेवले, भिंतीवर चादर बांधली. तिच्या सोबतीला आलेला सोमाजीही कोपऱ्यात बसला, त्याला मी बोलावले नव्हते.

आधी वाया गेलेले शॉट लावले. लच्छू पडतो, सगळे उड्या टाकतात, त्याला काढतात, तो हसतो. कुंताबाई पदराआड हसली. मग पोचूने तिसरे रीळ चढवले. चादरीवर डोंगा आला, लच्छूचे बांधलेले हात आले, तो पडला. पाणी मिटले. मग त्याचे तोंड वर आले आणि त्याने काठाकडे पाहिले.

कुंताबाई कधी उठली ते मला कळले नाही. ती सरळ चादरीत घुसली. दोन्ही हातांनी त्याला धरू गेली, चादर भिंतीवरून उतरली, ती चादरीसकट खाली पडली, आणि तिच्या अंगावर सोमाजी. म्हाताऱ्यानेही उडी टाकली होती. पोचूने घाबरून मशीन थांबवले. फिल्म दिव्यासमोर थांबली की काय होते ते त्याला माझ्यापेक्षा बरे ठाऊक आहे. लच्छूचे तोंड पाण्यावर होते तिथेच ते चित्र मधोमध काळे झाले, फुगले आणि भडकले. जाळ चाकावर चढला, सारे रीळ गेले, पोचूच्या मिशा गेल्या, आढ्याचे दोन वासे करपले. गिरजाने माती टाकून मशीन विझवले, फिल्म विझवायला ती गेली नाही. मी खाटेवरून हललो नाही, हलता येत नव्हते म्हणून नव्हे.

धूर निवळला तेव्हा कुंताबाई चादर कवटाळून जमिनीवर बसली होती. तोंडावर पदर नव्हता. मला म्हणाली, "पाह्यलं नं, केवळभाऊ? खाली नाई जाऊ देल्लं त्याले."

सबब कलम सहामधला तिसऱ्या शॉटचा मजकूर रद्द समजावा. ती वस्तू आता अस्तित्वात नाही, कोणी मागायला आल्यास गिरजाने तसे सांगावे. पहिल्या दोन शॉटचा डबा कुंताबाई आजच घेऊन गेली. बाकी कलमे कायम.

वकील सांगतो की ज्याला काही मिळते त्याने साक्ष घालू नये, म्हणून सोमाजी व पोचू यांच्या सह्या घेतलेल्या नाहीत. ज्यांनी मला अंगणातून उचलून दवाखान्यात नेले त्या दोघा शेजाऱ्यांसमोर, वाचून, समजून, डाव्या हाताने सही करतो.

केवळराम गणबाजी दिघोरे

साक्षीदार
दसरू कुमरे, राहणार आरमोरी (सही)
पत्रू मडावी, राहणार आरमोरी (निशाणी अंगठा)

मुक्काम आरमोरी, जिल्हा चांदा
तारीख ११ मार्च १९५८