माळ्यावरचा असुर

बाबा,

त्या श्रावणात तुम्ही उठून हात धुतलेत ते माझ्या बोलण्यामुळे, की तुम्ही तसेही थकला होतात? याचं उत्तर मला देता येत नाही. तुम्हाला जाऊन आता अकरा वर्षं होतील. एवढ्या काळात मी दोन्ही उत्तरं आलटूनपालटून खरी मानून पाहिली. स्वतःचा राग येतो त्या दिवशी पहिलं खरं वाटतं. आई तुमचं काही सांगताना हसते त्या दिवशी दुसरं. कुठलंही एक उत्तर धरून मी आठवडाभर टिकत नाही. आत्ताही हे तुकोगंजमधल्या आमच्या ऑफिसात, जेवणाच्या सुट्टीत लिहिते आहे आणि एवढं लिहीपर्यंत दोनदा उठून खिडकीशी जाऊन आले. डबा उघडलेला नाही.

हे ऑफिस तुम्ही पाहिलं नाहीत. इथे मी लोकांच्या परदेशी सहली ठरवून देते. तुमच्या मिलला कुलूप लागलं त्याच गावात आता लोक बँकॉकला जाण्यासाठी दिवाळीच्या चार महिने आधी येऊन बसतात. तुम्हाला हे सांगितलं असतं तर तुम्ही चिडला नसतात. म्हणाला असतात, "जाऊ दे ना, बघून येऊ दे." चिडायचं काम घरात माझ्याकडेच होतं.

मिल बंद झाली तेव्हा मी चौथीत होते. गेटवर नोटीस लागली आणि विणाई खात्यातले तुम्ही सगळे तीच नोटीस वाचायला आठवडाभर रोज जात राहिलात, जणू रात्रीत तिच्यातला मजकूर बदलेल. मजकूर बदलला नाही. पण भाद्रपद आला तेव्हा तुम्ही आणि मिलमधल्या फिटरकाकांनी ठरवलं की मिल नसली तरी अनंत चतुर्दशीच्या मिरवणुकीत मिलची झांकी, ट्रॉलीवरचा हलता देखावा, निघेल. गावातल्या इतर बंद मिलवाल्यांनीही तेच ठरवलं होतं. चौकीदाराला सांगून मिलच्या मागच्या आवाराचं फाटक उघडून घेतलंत, ट्रॉली आणलीत, आणि जो तो घरी बसून आपापल्या वाटणीची मूर्ती करू लागला. आपल्या जुनी इंदूरच्या ओट्यावर बांबूच्या कामट्या, सुतळी, जुनी वर्तमानपत्रं आणि खळीचं पातेलं आलं. खळ तुम्ही मिलमधल्यासारखीच शिजवायचात, लाकडी दांड्याने एकाच दिशेने ढवळत, आणि शेवटी चिमूटभर मोरचूद टाकायचात म्हणजे उंदीर आणि कसर लागत नाही. मला पातेल्याला हात लावू द्यायचा नाहीत. "विष आहे ते. लांबून बघ."

पहिलं समुद्रमंथन तेव्हाचं. एका बाजूला दहा देव, एका बाजूला दहा दानव, मध्ये मंदार पर्वत, आणि सगळ्यांच्या हातात कापडी वासुकी. मूर्ती लोखंडी दांड्यांवर बसवलेल्या, आणि सगळे दांडे एकाच मोटरवर, एकाच पट्ट्याने फिरणारे, कारण तुम्हा लोकांना यंत्र म्हटलं की तेच माहीत. बटन दाबलं तर देव मागे झुकले आणि त्याच क्षणी दानवही मागे झुकले. मग दोघेही एकदम पुढे. पर्वत जागचा हललाच नाही. तुमच्या खांद्यावर बसून मी ते पाहिलं. गर्दीतून कुणीतरी ओरडलं, "अरे भिया, दोनों तरफ से खींच रहे हो, घूमेगा कैसे?" सगळा रस्ता हसला. फिटरकाकांनी डोक्यावर हात मारून घेतला. तुम्ही मात्र तिथल्या तिथे जबाब दिलात, "मिल में सब साथ में ही खींचते थे!" लोक आणखी हसले, आणि तुम्हीही हसलात. हसताना तुमचा खांदा माझ्याखाली हलत होता, ते मला अजून आठवतं.

पण ती चूक तुमच्या मनातून गेली नाही. पुढे मारुती झाला, कालियामर्दन झालं, शबरी झाली, आणि तुम्ही जेवताना ताटात बोटाने रेघा ओढायचात. मी कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला गेले त्या श्रावणात एकदाचं ठरलं की समुद्रमंथन पुन्हा करायचं आणि या खेपेला पर्वत फिरवायचाच. तुमच्या वाटणीला शेवटचा दानव आला, वासुकीच्या तोंडाकडच्या रांगेतला सगळ्यात मागचा, ज्याला सगळ्यात जास्त रेलावं लागतं.

तो ओट्यावर तयार होत होता. धड झालं होतं, हात झाले होते, मुठी वळल्या होत्या. चेहरा तुम्ही नेहमी शेवटी करायचात. मी एका सभेहून घरी आले होते. बंद मिलबद्दलचीच सभा होती आणि मी आतून पेटलेली होते. फिटरकाका तुमच्याजवळ बसून मुठींमध्ये भोक पाडत होते.

"बाबा, हे कुणासाठी चाललंय?"

"अनंत चतुर्दशीसाठी," फिटरकाका म्हणाले. "बेटा, तू कॉलेजात जाऊन कॅलेंडर विसरलीस का?"

"मिलच नाही तर मिलची झांकी कसली? लोक टाळ्या वाजवतात आणि घरी जातात. मागच्या वेळी तर हसले. ज्या हातांनी कापड विणलं त्या हातांनी तुम्ही बाहुल्या नाचवता. मला कॉलेजात सांगायला लाज वाटते."

हातांचं ते वाक्य मी सभेत ऐकलेलं होतं. लाज मात्र माझी स्वतःची होती. तुम्ही माझ्याकडे पाहिलंत, रागाने नाही, एखादी खूण शोधावी तसं. मग म्हणालात, "बरं." एवढंच. उठलात, मोरीवर जाऊन कोपरापर्यंत हात धुतलेत. संध्याकाळी बिनचेहऱ्याचा दानव जुन्या चादरीत गुंडाळून माळ्यावर टाकलात. आईने विचारलं तर म्हणालात, गुडघे दुखतात, यंदा राहू दे. मला वाटलं, मी जिंकले. अनंत चतुर्दशीला मी तुमच्याबरोबर घरीच बसले, तुम्हाला साथ द्यायची म्हणून. तुम्ही रेडिओ लावून बसलात. माघात तुम्ही गेलात. छातीचं दुखणं तर जुनंच होतं. घरातली पहिली पदवी आली तेव्हा आईने ती तुमच्या फोटोसमोर ठेवली आणि मी आत जाऊन भांडी घासत बसले, कारण मला दुसरं काही सुचलं नाही.

हे सगळं आज का लिहिते आहे, तर आषाढात मी कंबोडियाला जाऊन आले. फिरायला नाही, कामासाठी. आमच्या ऑफिसच्या मालकांनी, ज्यांना आम्ही सर म्हणतो, तिथली एक सहल विकायला घ्यायची का ते बघायला मला बरोबर नेलं होतं. तिथे अंकोर वाट नावाचं प्रचंड देऊळ आहे, ते सगळेच बघतात. ही सहल दुसरीच होती. एका दिवसात तीन देवळं, जिथे फारसं कुणी जात नाही. एक व्हॅन, आम्ही सहाजण, निरनिराळ्या गावांतले टूरवाले, आणि एक वाटाड्या. तो पन्नाशीचा, काटकुळा माणूस होता, हातात काळी छत्री. तो सांगत होता, आठाच्या वर माणसं घेत नाही, नववा माणूस ऐकत नाही. इंग्रजी अगदी सोपं बोलायचा, शाळेतल्या मास्तरांसारखं.

दोन्ही बाजूंना भाताची शेतं, लाल माती, आणि मग अचानक झाडांत बुडालेले दगडांचे ढीग. दगडांवर बोटाएवढी गोल भोकं होती. त्याने आम्हाला प्रत्येकाला त्यात बोट घालायला लावलं. यांत खुंट्या ठोकून, दोर बांधून दगड उचलायचे, तो म्हणाला. मी बोट घातलं आणि तुम्ही आठवलात. तुम्ही ते भोक मोजलं असतंत. खुंटी कुठल्या लाकडाची, ओली की सुकी, असं विचारून त्या माणसाला भंडावून सोडलं असतंत. सर वहीत लिहीत होते, सावली नाही, बाथरूम लांब. मला म्हणाले, "मॅडमजी, पडके दगडच बघायचे तर आपलं मांडू काय वाईट होतं? दुपारी घरी येऊन पोहे खाल्ले असते."

तिसऱ्या देवळाचं नाव मला अजून नीट म्हणता येत नाही. तिथे एका दाराच्या वरच्या दगडावर समुद्रमंथन होतं. एवढ्या लांब, भाताच्या शेतांपलीकडे, तेच. मध्ये पर्वत, एका बाजूला देव. सगळे देव कोरून पूर्ण, दागिन्यांसकट. दुसऱ्या बाजूला तीन दानव पूर्ण, चौथ्याची नुसती बाहेरची रेघ, आणि त्याच्यापुढे कोणीच नाही. वासुकी मात्र शेवटपर्यंत कोरलेला. दोर आहे आणि ओढणारे नाहीत.

"इथे मी सगळ्यांना एक प्रश्न विचारतो," वाटाड्या म्हणाला. "कारागीर इथे का थांबला असेल?"

एकजण म्हणाला, राजा मेला असेल. एकीने युद्ध म्हटलं. सर म्हणाले, "लंच ब्रेक," आणि सगळे हसले, वाटाड्याही हसला. मग त्याने माझ्याकडे पाहिलं. मी इतिहास घेऊन बी.ए. झाले, ऑफिसात सगळ्यात जास्त मीच बोलते, आणि तिथे मी छत्रीच्या टोकाकडे बघत उभी राहिले. शेवटी म्हणाले, "त्याला कुणी काही बोललं असेल."

तो हसला नाही. म्हणाला, "हे उत्तर आजवर कुणी दिलं नव्हतं." मग त्याने खांबाचा एक तुकडा दाखवला, नवा, गुळगुळीत, कोरीव कामाच्या मधोमध बसवलेला. देऊळ दुरुस्त करणारे पडलेल्या दगडाच्या जागी असा कोरा दगड बसवतात. वजन पेलायला तो हवाच. पण त्यावर नक्षी काढत नाहीत. जे दुसऱ्याच्या हातचं काम ते आपण कोरायचं नाही, त्याची जागा मात्र सोडायची नाही. एवढं सांगून तो पाण्याच्या बाटल्या वाटायला गेला. परतीच्या वाटेवर सर झोपले. मी व्हॅनमध्ये नीट बसू शकले नाही. सारखी मागे वळून बघत होते, तिथे बघण्यासारखं काही उरलं नव्हतं तरी.

घरी आले तर दादा खोल्या सोडायच्या तयारीत. त्याने अन्नपूर्णा देवळाकडे फ्लॅट घेतला आहे, आईला लिफ्टची सोय होईल. माळा रविवारपर्यंत रिकामा करायचा होता. चादरीतलं गाठोडं खाली आलं आणि दादा म्हणाला, "हे भूत कोण ठेवणार फ्लॅटमध्ये? कबाडीवाल्याला देऊन टाक." मी चादर सोडली. अकरा वर्षांत त्याला एकही उंदीर लागला नव्हता. मुठी घट्ट, मान मागे टाकलेली, आणि चेहऱ्याच्या जागी जुन्या हिंदी वर्तमानपत्राचा कोरा थर. आई म्हणाली, "मोरचूद जास्तच टाकायचे ते." मग कितीतरी वेळ ती त्याच्या मुठीवरून हात फिरवत होती.

मी त्याला रिक्षात माझ्याशेजारी बसवून मिलच्या आवारात नेलं. रिक्षावाल्याने विचारलं, "दीदी, इनका भी टिकट लगेगा क्या?" फिटरकाका अजून येतात, आता खुर्चीवर बसून हुकूम सोडतात. त्यांनी दानवाला लगेच ओळखलं.

"अरे, हा कुठे होता? त्या वर्षी तुझ्या बाबांची जागा आम्ही बुजवली नाही. दांडा पट्ट्यावर बसवून झाला होता. दानव नाही, नुसता दांडाच पुढे-मागे होत राहिला. लोक विचारत, इथला राक्षस कुठे? मी म्हटलं, छुट्टी पे है."

"आणि पर्वत?"

"फिरला ना! लट्टूसारखा. दुसऱ्या दिवशी मी सांगायला आलो होतो घरी. तू कॉलेजात होतीस. ऐकून इतका हसला, इतका हसला, की त्याला खोकला लागला."

"तुम्ही विचारलं नाही, बाबा का आले नाहीत ते?"

"विचारलं. म्हणाला, गुडघे."

म्हणजे तिथेही तुम्ही मला काही हाती लागू दिलं नाहीत.

यंदा समुद्रमंथन नाही, गोवर्धन आहे. मी म्हटलं, मग राहू दे. काका उखडले. "राहू दे कशाला? गोवर्धनाखाली कोणी पण चालतो. पाऊस काय फक्त गवळ्यांवरच पडत होता?" त्यांनी त्याच्या मुठींत वेळू दिला आणि त्याला गोपाळांच्या रांगेत शेवटी उभा केला. मागे रेललेला असल्याने सगळ्यात जास्त जोर तोच लावतोय असं दिसत होतं. दुपारी मोटर लावून पाहिली. पर्वत वर गेला, खाली आला. तो सगळ्यांच्या बरोबर हलला.

परवा झांकी निघून गेली. मी आणि आई रस्त्यावर उभ्या राहून पाहिली. हे पत्र कुठेही जाणार नाही, माझ्या टेबलाच्या खणात राहील, म्हणून एक गोष्ट लिहून टाकते. काकांनी रंगाचा डबा उघडून विचारलं होतं, "तोंड काढून देऊ का याला? पोरं आहेत, दहा मिनिटांत काढतील." मी म्हटलं, "नको. बाबांनी सांगितलं होतं, असंच ठेवा." काकांनी मान हलवली आणि डबा बंद केला. तुम्ही असं काही सांगितलं नव्हतं. तुम्ही फक्त "बरं" म्हणाला होतात.